बापू की बाबू

६ मे २००६, ड्रेस्डेन
अप्पांना येऊन आठवडा झाला. स. नेहमीप्रमाणे वोल्फ्सबुर्गला प्रोजेक्टवर, शुक्रवारी उगवतो. म्हणजे वडील त्याचे, वाट्याला माझ्या. कानाचं मशीन पुण्याहून आणलंय, पण ते ड्रॉवरमध्ये. मी शेगडीकडे बघत बोलले की म्हणतात, "अगं, तोंड इकडे." ओठ वाचतात. माझी फोनवरची कुरकुरही वाचली असावी.

११ मे
फिल्म आर्काइव्हचा फोन. नानांचा सिनेमा खरंच सापडलाय, एका बंद थिएटरच्या माळ्यावर. संवादांच्या जर्मन पाट्यांसकट. पहिलं रीळ गायब, त्यामुळे कुठल्या सालचा ते कळत नाही. नाना म्हणजे अप्पांचे वडील, मूकपटांतले हीरो. बोलपट आले आणि आवाज निघाला पिपाणीसारखा, मग दिग्दर्शक झाले.
अप्पा "बरं" म्हणाले. चहा तसाच राहिला.

१४ मे
आज आपणहून बोलले. दिग्दर्शक झाल्यावर नानांनी थोरल्याला, बाबूकाकांना, प्रत्येक सिनेमात घेतलं. एकदा अप्पाही हौसेनं स्टुडिओत गेले, पाठ केलेला संवाद म्हणून दाखवला. नाना सगळ्यांदेखत म्हणाले, "बापू, तू आपली कारकुनी कर."
बापू म्हणजे हे आपले अप्पा. केली कारकुनी, इरिगेशनमध्ये, जन्मभर. आणि अबोला धरला तो नाना जाईपर्यंत.
"मीच बोलायला हवं होतं. कान होते तेव्हा."
या सिनेमात नानांच्या हातात एक तान्हं मूल आहे, ते घरातलंच. कुठलं? बाबूकाका सांगत फिरायचे, तो मीच. आता तेही नाहीत.

२३ मे
पाहिला. छोटीशी खोली, आम्ही दोघं आणि प्रोजेक्टर चालवणाऱ्या बाई. मी मोठ्या उत्साहानं पाट्यांचं मराठी करून सांगत होते. अप्पांनी माझा हात दाबला. त्यांना पाट्या नकोच होत्या! नट पडद्यावर काहीबाही बोलतच असतात आणि नाना चक्क मराठीत बोलत होते. पाटीवर, मी प्राण देईन. अप्पा म्हणाले, "उकडतंय म्हणतायत." दोघं हसलो.
मग तो सीन. राज्य गेलंय, मूल रडतंय, नाना त्याला छातीशी धरून सुडाची शपथ घेतायत. अप्पा मोठ्यानं वाचत होते, "रडू नको. झालं हां आता. घरी जाऊ..." आणि थांबले. पुढे नाव होतं.
बाईंनी तेवढा तुकडा परत लावला. आल्झो, म्हणजे चला, आता पुरे, म्हणाल्या, फिल्म फार नाजूक झालीय. ती दुरुस्तीला जाणार, परत कधी दिसेल सांगता येत नाही.
अप्पा माझ्याकडे वळले. "प आणि ब ओठांवर सारखेच दिसतात गं. बापू की बाबू?"
मी ताबडतोब, "बापू. अगदी स्पष्ट."
"तुला ऐकू आलं?"


२४ मे
कशाला तोंड घातलं मध्ये? ज्याला ओठ वाचता येतात त्याच्यापुढे खोटं बोलले, तेही तोंड भरून. फार वाईट वाटतंय. स.ला फोनवर सांगितलं तर म्हणतो, बापूच असेल गं, सोड ना. याला सगळंच सोडता येतं.

९ जुलै
आर्काइव्हला तिसऱ्यांदा विचारलं. फिल्म अजून दुरुस्तीतच. अप्पांचा व्हिसा संपत आला. परवा आरशासमोर उभे होते, दोन्ही नावं एकामागून एक म्हणत. मी दारातूनच परतले.

२७ जुलै
अप्पांना सोडून आले. विमानतळावर शेवटी धीर करून म्हणाले, अप्पा, मला त्या दिवशी काही कळलं नव्हतं. "माहितीये," म्हणाले. डोक्यावर हात ठेवला.
तपासणीच्या पलीकडे गेल्यावर काचेआडून वळले. ओठ हलवले. एकच शब्द, दोनच अक्षरं, दोन्ही वेळा ओठ मिटले. आणि हसले.
मी जोरजोरात मान डोलावली. कुठला शब्द ते कळलं नाही.