गाळलेल्या चार ओळी

आबा, आधीच सांगते, ह्यात चुका लई हुतील. ऱ्हस्व-दीर्घ मला चौथीतबी जमलं न्हाय, आन चौथीनंतर शाळाच सुटली. शिवाय हे मी हातानं लिवत न्हाय, मशीनवर टायपतेय. इंदापूरच्या कचेरीसमोर लिंबाखाली अर्जनवीस काका बसत्यात, त्यांनी पुण्याहून जुनं मराठी मशीन आणलंय. दुपारी ते घरी जेवाय जात्यात तवा मला म्हणत्यात, "टेबलाकडं लक्ष ठेव आणि बोटं बसव." एक अक्षर हुडकाय मला येवढा येळ लागतो की शेजारी चपला शिवणाऱ्याचं दोन टाकं घालून हुत्यात. जोडाक्षर आलं की घाम फुटतो. आज चौथी दुपार हाय. काकांना वाटतंय मी माझा अर्ज टायपतेय. अर्जाची एक ओळबी झालेली न्हाय. प्रांतसाहेबांचा मुक्काम उद्या सकाळी उठणार, अर्ज आज दिवस मावळायच्या आत त्यांच्या हातात पडाय पायजे, आन मी बसलेय तुमाला लिवत, तुमी जाऊन सात वर्सं झाली तरी.

तुमी गेल्यावर आय मला घिऊन बारामतीहून हितं आली, मामाच्या आसऱ्याला. बारामतीत तुमी बिडीच्या शेडमधी व्हता, हितं आमी मायलेकी बिड्या वळतो. तीसेक बाया हायत, एकीलाबी वाचता येत न्हाय. मी कशी लाजरी तुमाला ठावं हाय, पाव्हणं आलं की कणगीमागं जाऊन बसायची. शेडमधीबी मी दोन वर्सं कुणाशी बोलले नव्हते. मग एक दिवस पुडं बांधायच्या रद्दीतला वर्तमानपत्राचा तुकडा हातात आला, मी तोंडातल्या तोंडात वाचत व्हते, तर शेजारची आक्का म्हणली, "ए मुके, नुसतं ओठ काय हलवतीस? मोठ्यानं वाच की, आमालाबी कळू दे सरकारच्या घरात काय शिजतंय." मी म्हणलं, माझ्या बिड्या मागं पडत्याल. तर आक्कानं आपल्या सुपातल्या मूठभर बिड्या उचलून माझ्या सुपात टाकल्या. मग पलीकडचीनं टाकल्या. मग तिच्या पलीकडचीनं. मला रडूच फुटलं. बायांना वाटलं पोरगी लाजली. पर आबा, हे असंच्या असं मी तुमच्या तोंडून ऐकलं व्हतं, आन मला कवाच खरं वाटलं नव्हतं.

मला अजून दिसतंय. बारामतीच्या त्या खोलीत तुमी चुलीपुढं बसलाय, काळा घेवडा रटरट शिजतोय, बाजूला भात. आय दारातनं म्हणती, "हे कसलं काळं कालवण? सुतक हाय का कुणाचं?" तुमी म्हणता, "क्युबाचं हाय." आय म्हणती, "मग क्युबालाच जाऊन खावा." तुमी हसता, आन मला मांडीला मांडी लावून बसवता आन सांगता. आगबोटीवर कोळसा वढायला गेलावता, ताप आला, बोटीनं तुमाला अमेरिकेच्या खालच्या टोकाला, फ्लोरिडात, दवाखान्यात टाकलं आन बोट निघून गेली. बरं झाल्यावर तुमचा रंग बघून लोक तुमाला क्युबाचंच समजलं, आन चिरुटाच्या कारखान्यात झाडू मारायचं काम दिलं. गाव अमेरिकेतलं, पर वळणारी माणसं समदी क्युबाची. चारशे माणसं बाकांवर चिरूट वळतायत आन मधी उंच खुर्चीवर एकजण बसून मोठ्यानं वाचतोय. सकाळी वर्तमानपत्र, दुपारी गोष्ट. त्याचा पगार मालक देत नव्हता, वळणारी माणसं आपल्या पदरचं देत व्हती. वाचलेलं आवडलं की समदी पान कापायचं पातं बाकावर ठोकायची, खट खट खट. न्हाय आवडलं की पाती खाली फेकायची. तुमी तोंडानं त्यो आवाज काढायचा आन मी दचकायची.

तिथला तुमचा एक दोस्त व्हता, तुमी त्याला एरमानो म्हणायचा, म्हणजे त्यांच्यात भाऊ. त्यानं तुमाला सांगितलेलं तुमी मला सांगितलं. त्याचा बाप त्याच बाकावर बसायचा, तवा क्युबावर स्पेनच्या राजाचं राज्य व्हतं. अमेरिकेत बसून ही माणसं आठवड्यातल्या एका दिवसाची मजुरी काढून ठेवायची, आपल्या मुलखाच्या लढाईसाठी. बंडाचा हुकूम म्हणं एका चिरुटात गुंडाळून बोटीनं तिकडं गेला. मग अमेरिकेची फौज मदतीला आली, क्युबात लोकांनी फुलं उधळली. "आन मग?" मी इचारायची. "मग काय," तुमी म्हणायचा, "पाव्हणं म्हणून आलं आन ओसरीवरच खाट टाकली. उसाची रानं घेतली, साखरेचं कारखानं घेतलं, त्येंच्या कायद्यात बी बोट घालून ठिवलं." मला राग यायचा. पर तुमी म्हणायचा, नुसतं तसंबी न्हाय गं. एरमानोची पोरं अमेरिकेचा चेंडूफळीचा खेळ खेळायची, त्यापायी जेवण इसरायची. रविवारी गोऱ्या बाया क्युबाच्या गल्लीत काळा घेवडा आन भात खाय यायच्या, रातभर गाणंबजावणं. एरमानोची थोरली पोरगी अमेरिकेच्या टपालवाल्याला दिली व्हती. आपण इंदापूरहून बारामतीला जावं तशी माणसं बोटीनं इकडनं तिकडं जायची. एका ताटात जेवायची आन एकमेकाच्या घासाकडं बघायची, असं तुमी म्हणायचा. तुमाला ती दोन्ही माणसं आवडायची. मला वाटतं तुमचं अर्ध मन तिथंच ऱ्हायलं व्हतं.

आन त्यो दिवस. मी नऊ वर्सांची. तुमी पान कापताय, मी तुमाला वर्तमानपत्र वाचून दाखवतेय. एक अवघड शब्द आला, मी त्यो सोडून फुडं गेले. तुमाला कसं कळलं द्येव जाणं. तुमी पातं खाली आपटलंत. "गाळलंस?" मी वर्तमानपत्राआड तोंड घातलं. "जे वाचलंस ते त्याला कळंल. जे गाळलंस ते त्याला कवाच कळायचं न्हाय, आन गाळलंय हेबी कळायचं न्हाय. आंधळ्याचा हात धरून चालवताना वाटंतली हीर सांगायची न्हाय का?" मारलं न्हाय तुमी. मारलं असतं तर बरं झालं असतं. त्या सालीच मुंबईहून तुमचा जुना खलाशी दोस्त आला आन म्हणला, फ्लोरिडातल्या चिरुटाच्या मालकांनी वाचणाऱ्यांना काढून टाकलं. काय नको ते वाचत्यात म्हणून. त्या खुर्चीच्या जागी बोलतं खोकं आणून ठिवलं. त्या दिवशी तुमी जेवला न्हाय. म्हैन्यानं तुमचीबी तिरडी उठली.

आता माझं ऐका.

गेल्या म्हैन्यात शेठ, म्हणजे आमचा ठेकेदार, तिकीट लावलेला एक कागद घिऊन शेडमधी आला. म्हणला, "समद्या बायांनी अंगठं द्या, नवीन साल सुरू हुतंय." आक्का म्हणली, "आमी न बघता अंगठा देत न्हाय. आमची वाचणारी हाय." किती तोऱ्यात म्हणली आबा, जशी मी कलेक्टरच. शेठ हसला. "वाचू दे की. तुमचं तिच्यावर लई इश्वास." आन माझ्या मागं यिऊन उभा ऱ्हायला. कागद माझ्या हातात, त्याचा अंगठा कागदावर, मधोमध. हळूच म्हणला, "हितवर वाच. खालचं कायद्याचं हाय, बायांच्या डोक्याला ताप नको." आन कानात आणखी एक बोलला. त्याच्या अंगठ्याखाली चार ओळी व्हत्या. मी त्या वाचल्या, डोळ्यांनी. बाईला कवाबी कामावरनं काढलं तरी ती तक्रार करणार न्हाय, कुठल्या सायबाकडं जाणार न्हाय, असं त्यात व्हतं. वरचं मी मोठ्यानं वाचलं. स्वच्छ, ठणठणीत. मग म्हणलं, "संपलं." बायांनी एकामागं एक अंगठं दिलं. आक्कानं पयला दिला. खाली लिवलेलं व्हतं, वरील मजकूर वाचून दाखवला, आन त्याखाली माझी सही घेतली. आबा, माझी सही मी पयल्यांदाच कुठल्या खऱ्या कागदावर केली.

आठ दिवसांत शेठनं सहाजणींना काढलं. ज्यांची बोटं आता हळू चालत्यात त्या सहा. त्यात आक्का. तिला घरात बघणारं कोण न्हाय. आता ती दुसऱ्याच्या रानात खुरपाय जाती, तिची पाठ वाकत न्हाय, ती बसून बसून फुडं सरकती, मी बांधावरनं बघितलं. एक दिवस ती आमच्या दारात आली. म्हणली, "पोरी, शेठ म्हणतोय तुमी कागदावर कबूल केलंय. तसं व्हतं का गं त्यात?" मी म्हणलं, "मला ठावं न्हाय, आक्का." तिनं माझ्या तोंडावरनं हात फिरवला. "तुला कसं ठावं असणार, लेकरू तू. त्यानंच मागनं घुसडलं आसंल, मुडदा बशीवला त्याचा." आन गेली. आय आतनं समदं ऐकत व्हती. ती गेल्यावर म्हणली, "गप बस. आपल्या दोघींचं पोट तितंच हाय." शेडमधी मी अजून वाचतेय. त्या सहा जागा मोकळ्या हायत, आन बाकीच्या बाया माझ्या सुपात बिड्या टाकतायत, आन मला त्या बिड्यांकडं बघवत न्हाय.

चार दिवसांमागं मी काकांकडं आले आन चार ओळी गाळल्याचं सांगितलं. त्यांनी चष्मा पुसला. "हे बघ, अंगठे त्यांचे आहेत. वाचून दाखवलं म्हणून सही तुझी आहे. दुसरं कुणी काही बोलून उपयोग नाही. वाचणारीनंच सांगितलं, की एवढं वाचलं आणि एवढं गाळलं, तर प्रांतसाहेब निदान शेठला बोलावतील." मी इचारलं, "मला धरत्याल का काका?" ते म्हणले, "ते मी सांगू शकत नाही." मग म्हणले, "का गाळलंस ते मात्र लिहावं लागेल. धमकी दिली होती ना त्यानं?" मी मान हलवली. म्हणलं, व्हय, आयला काढीन म्हणला. काका म्हणले, "छान. तेवढं नीट लिही. भीतीनं केलं म्हटलं की तुझा दोष निम्मा होतो." तवापासनं मी रोज येतेय आन त्या ओळीपाशी माझी बोटं अडतायत. म्हणून तुमाला लिवत बसले. तुमी असता तर मी इचारलं असतं, आबा मी काय करू. तुमी नसताना इचारतेय, तर काय ऐकू येत न्हाय, नुसती मशीनची टकटक.

खरं सांगते. आयला काढीन असं शेठ म्हणलाच न्हाय. त्यो कानात म्हणला, "समदं वाचशील तर उद्यापासनं शेडमधी वाचन बंद. परत गप बस कोपऱ्यात." येवढंच. पोटाची धमकी नव्हती. मला भ्या वाटलं ते माझा आवाज जायचं. त्या शेडमधी बाया माझ्याकडं तोंड करून बसायच्या, मी दम घेतला की त्यांचे हात थांबायचे, आन मला वाटायचं मी कुणीतरी हाय. ती जागा जाऊ नये म्हणून मी चार ओळी गाळल्या. वाचाय मिळावं म्हणून गाळलं. हे आयला ठावं न्हाय, काकांना न्हाय. पयल्यांदा तुमाला सांगितलं.

काका रस्त्याच्या पलीकडनं येताना दिसत्यात. हे कागद कुठं धाडू, तुमचा पत्ता तर कुणाजवळ न्हाय, पोलक्यात घडी करून ठेवते आन घरी गेल्यावर चुलीत घालते. आता कोरा कागद लावते. अर्जात ती ओळ जशी घडली तशीच टायपणार हाय, दोष निम्मा हुवू दे न्हायतर आख्खा. मग हितनं तशीच आक्काकडं जाणार, सायबांच्या हातात द्यायच्या आधी तिला मोठ्यानं वाचून दाखवणार, समदं. ती काय म्हणंल त्या इचारानं ही ओळ तीनदा चुकली.

आन आबा, आत्ता एकजण सायकलीवरनं वरडत गेला, सोलापूरच्या रस्त्याला कलिंगडाची लॉरी उलटली म्हणं, डायवरला खरचटलंबी न्हाय, पर रस्ता लालभडक झालाय आन पोरं मधोमध बसून खातायत.