भावोजींचं खाकरणं

प्रिय ताई,

सप्रेम नमस्कार. तुझा गुडघा कसा आहे? (तू तीन आठवडे फोन उचलत नाहीस, पण गुडघ्याशी माझं काही भांडण नाही, म्हणून विचारते.) मी बरी आहे. म्हणजे जेवते, आणि खिडकीतल्या कुंडीशी बोलते. ती मध्येच उठून आत जात नाही.

भावोजींच्या आठवणीसाठी सगळे जमलो त्या दिवसाबद्दल लिहायचं आहे. मी एकतीस वर्षं माहितीपटांचं संकलन केलं. कालवे, क्षयरोग, मधमाश्या, जे पुढ्यात आलं ते कापलं आणि जोडलं. संकलन चांगलं झालं तर ते कोणाच्या लक्षात येत नाही म्हणतात. माझं फारच चांगलं झालं असावं, कारण निरोपसमारंभात अध्यक्षांनी मला हिशेबनीस समजून हार घातला. शाळेत मदर सुपीरियर निबंधातला प्रत्येक जादा शब्द लाल शाईने खोडायच्या, तेव्हापासून माझ्या हाताला ही खोड लागली ती लागलीच. (वरचं हाराचं वाक्यसुद्धा मी दोनदा खोडून परत लिहिलं.)

तर रविवारी तुमच्याकडे यायचे तेव्हा भावोजींचं जे चित्रण करत गेले, ते अकरा तासांचं होतं. ते बोलायच्या आधी खाकरायचे, मग डोक्यावरचा चष्मा शोधायचे, मग "काय म्हणत होतो मी?" असं तुला विचारायचे. हाताच्या सवयीने मी ते सगळं काढून टाकलं. उरले बारा मिनिटांचे, एका दमात बोलणारे, अत्यंत मुद्देसूद गृहस्थ. त्या दिवशी ते सगळ्यांना दाखवले, तेव्हा भाच्याने टाळ्या वाजवल्या. शेजारच्या काकू म्हणाल्या, "बाई, वक्ते होते हो." आणि तू म्हणालीस, "छान आहे. पण हा कोण?" आणि आत गेलीस.

ताई, एवढ्या वर्षांत माझ्या कामावरचा एकमेव खरा अभिप्राय तो. चुकलं माझं.

तुझी,
धाकटी

ता. क. कापलेला तुकडा फेकायचा नाही, हा आमच्या धंद्यातला जुना नियम. सोबतच्या पेनड्राइव्हवर भावोजींचं सगळं खाकरणं आहे, चष्म्याचे सगळे शोध आहेत, आणि "अगं, ऐकलंस का?" एकशे साठ वेळा आहे. एकही कमी केलेलं नाही.

आणखी एक. त्रेचाळिसाव्या मिनिटाला, ते खाकरल्यावर, आतल्या खोलीतून कोणीतरी मला हाक मारतं. मला वाटतं ती आई आहे, तेव्हा ती तुमच्याकडेच असायची. जन्मभर परक्यांचे आवाज जपले, तिचा एकही नाही माझ्याकडे. पण डॉक्टर म्हणतात, बारीक आवाज आता मला नीट ऐकू येत नाहीत. (निवृत्ती मी हौसेने घेतली, असं मी सगळ्यांना सांगितलंय. तूही तेच सांग.) एकदा ऐकते तेव्हा ती आई असते, पुढच्या वेळी कुकरची शिट्टी. तुझे कान शाबूत आहेत. एक दिवस येऊन ऐकशील? आई नसेल, तर लगेच सांगू नकोस. आधी थोडं खाकर, चष्मा शोध.