अठ्ठेचाळीस फ्रेम

प्रिय बाबा,

रविवारी तुझ्या पंचाहत्तरीला गावातल्या थिएटरात तुझा चित्रपट दाखवला. नंतर कॉफीला सगळे खुर्च्यांचं रिंगण करून बसले आणि रीतीप्रमाणे प्रत्येकाने माझाही हात हातात घेतला. "वडिलांबद्दल अभिनंदन, रेन्स्के!" मी आभार मानले.

शेजारचा हार्म तेवढा गप्प बसेना. "काय रे, जन्मभर त्या उडीच्या नावाने लंगडतोस, आणि पडद्यावर नुसतं आभाळ! होतास कुठे, सूप पीत?" सगळे हसले. तूही हसलास.

अकरा चित्रपटांत तू होतास. बुडालेला खलाशी, पाठमोरा पोस्टमन, गर्दीतला कुणी. नाव एकाही श्रेयनामावलीत नाही. पण चौऱ्याहत्तर साली डेल्फझाइलच्या बंदरात नायकाच्या जागी क्रेनवरून पाण्यात उडी मारलीस ती तू. पाण्याखाली ओंडका होता. डावा गुडघा गेला, आणि कामंही.

जुन्या फिल्म साफ करणं हे माझं काम. हा चित्रपट तुझा, म्हणून मी मागून घेतला होता. धुळीचा कण एका फ्रेमवर दिसतो, पुढच्या फ्रेमवर त्या जागी नसतो. यंत्र असे कण शोधून पुसतं. लांबून घेतलेल्या त्या दृश्यात तू पांढऱ्या आभाळावरचा काळा ठिपका होतास, प्रत्येक फ्रेममध्ये वेगळ्या जागी. यंत्राने तुला धूळ ठरवलं. पुसलेलं सगळं नंतर डोळ्यांनी तपासायचं असतं. एका शुक्रवारी मी न तपासता सही केली.

परतताना गाडीत तू विचारलंस, "पोरी, म्हणजे मी मारलीच नव्हती का गं उडी? आताशा मला नीट आठवत नाही."

साफ करण्याआधीचा मूळ स्कॅन शाबूत आहे. सोमवारी तुझ्या दोन सेकंदांच्या उडीच्या अठ्ठेचाळीसही फ्रेम परत बसवल्या आणि संध्याकाळी फोनवर तुला सगळं सांगितलं. मंगळवारी तू पुन्हा तेच विचारलंस. बुधवारीही. म्हणून हे कागदावर लिहिते आहे. उडी तू मारलीस. पुसली मी. सगळ्यांचे वाढदिवस लिहून संडासात टांगलेल्या कॅलेंडरशेजारी हे चिकटव, तिथे तू रोज वाचतोस. एखाद्या सकाळी खालचं नाव ओळखीचं वाटलं नाही, तर ते सोडून दे. गुडघा चाचपून बघ.

तुझीच मुलगी,
रेन्स्के