तुमच्या कढईला मी नरक म्हणालो नाही

ती. आई यांना धाकट्या जावयाचा वाकून नमस्कार. (खरोखर वाकलो, आणि कमरेत जी कळ आली तिचाही तुम्हाला नमस्कार.)

तुमचा गुडघा आता कसा आहे? जिना चढताना दुखतो की उतरताना, हे तुम्ही मागच्या पत्रात लिहिलं नव्हतं, आणि हिच्या मते दोन्हींना लावायची तेलं वेगळी असतात. खोकला गेला असेलच. मांजरीला पिल्लं झाल्याचं कळलं. त्यातलं एक आम्हाला देण्याचा तुमचा विचार आहे असंही कळलं, पण तो आपण सध्या विचारच राहू देऊ. इकडे सगळे मजेत आहोत. ही मजेत आहे. माझी थोरली बहीण आक्का (जी चार दिवसांसाठी राहायला आली होती आणि आता आमच्या कपाटाचा मधला खण जिच्या मालकीचा आहे) तीही मजेत आहे. माझं चष्म्याचं दुकानही हल्ली बरं चाललं आहे. ते का चाललं आहे हे पुढे येईलच, कारण सगळं प्रकरण एकच आहे.

पत्रास कारण असं, की आमचे साडूभाऊ परवा तुमच्याकडे चहाला आले आणि धाकट्या जावयाने तुमच्या कढईला भर रस्त्यात नरक म्हटलं, वर म्हैसही म्हटलं, असं सांगून गेले. साडूभाऊ माणूस सोन्यासारखा. पण त्यांच्या तोंडात तीळ भिजत नाही, आणि बाहेर पडेपर्यंत त्या तिळाचा ताड होतो. तेव्हा काय घडलं ते मी सुरुवातीपासून लिहितो. थोडं लांबेल. गुडघ्याखाली उशी घेऊन बसावं.

शाळेच्या उपाहारगृहात वर्षानुवर्षं बिनमिठाचे बटाटे उकडून ही कंटाळली आणि नोकरी सोडून हिने माझ्या शेजारचा गाळा घेतला, हे तुम्हाला ठाऊक आहेच. पूर्वी तिथे घड्याळजी बसायचा. गाळा अरुंद, आत पाच टेबलं कशीबशी मावतात, आणि पाचव्या टेबलावरच्या माणसाला उठायचं झालं तर चौथ्यावरच्याने जेवण थांबवावं लागतं. तुम्ही टेम्पोतून धाडलेली ती दोन कानांची लोखंडी कढई आली तेव्हा ती स्वयंपाकघराच्या दारातून आत जाईना. आडवी केली, उभी केली, तिरकी केली. शेवटी आक्काने दारच बिजागऱ्यांवरून काढायला लावलं. कढई आत गेली, दार अजून बाहेरच आहे. त्या दिवशीच हिने ठरवलं, की जिच्यासाठी दार काढलं तिचंच नाव खानावळीला द्यायचं: ‘कढई’. हे मी मुद्दाम लिहितो आहे. आमच्या घरात तुमच्या कढईचा मान किती आहे, हे साडूभाऊंनी चहाबरोबर सांगितलं नसणार.

मग पाटी रंगवायला रंगारी आला. हा गृहस्थ कायम तोंडात कुंचला धरून बोलतो, त्यामुळे तो हो म्हणतो की नाही म्हणतो हे भुवयांवरून ओळखावं लागतं. दोन्ही गाळ्यांच्या मधल्या भिंतीवर उंच, उभी पाटी लावायची होती. रंगारी म्हणाला (कुंचला काढून), की तीन अक्षरांचं नाव वर लिहिलं की खाली मैदान उरतं, काहीतरी मजकूर द्या. मजकूर म्हटल्यावर मी पुढे झालो. ही म्हणाली, “एकच ओळ हं. आणि वाचून भूक लागली पाहिजे, झोप नव्हे.”

मी म्हटलं, नावाचा अर्थच लिहू. कढई म्हणजे काय, शब्द आला कुठून. आक्का कांदा चिरत होती. मान वर न करता ती म्हणाली, “त्यात काय शोधायचंय? कढ आणि आई. जिच्यात सगळं कढतं ती आई.” आई, खरं सांगतो, मी ते लिहून घ्यायला पेन्सिलही उचलली. हिच्या डोळ्यांत पाणी आलं (कांदा होताच, पण तरीही). तिथेच थांबलो असतो तर हे पत्र लिहायची वेळ आली नसती. पण माझा धंदा पडला चष्म्याचा. एका डोळ्याने बरोबर दिसलं म्हणून मी कधी नंबर लिहून देत नाही, दुसरा डोळा तपासल्याशिवाय मला चैन पडत नाही. दुकानाला कुलूप लावून मी वाचनालयात गेलो.

तिथल्या ग्रंथपालबाईंनी एक जाडजूड संस्कृत कोश तान्ह्या बाळासारखा दोन्ही हातांवर आणून माझ्यापुढे निजवला, आणि मी त्यात बुडालो. कढईचं मूळ निघालं ‘कटाह’. बोलता बोलता त्याचं झालं कडाह, मग कडाही, आणि मग त्यातला ‘ह’ हळूच सरकत ‘ड’च्या मांडीवर जाऊन बसला, त्याचा झाला ढ. कढाई, कढई. कढणे हा शब्द वेगळ्याच घराण्यातला निघाला, ‘क्वथ्’ नावाच्या धातूचा. म्हणजे कढ आणि कढई ही नात्यातली नव्हेत, नुसती शेजारी राहून तोंडावळा सारखा झालेली माणसं. इथवर ठीक होतं. पण कोशात कटाहाचे अर्थ बघितले आणि मी खुर्चीत ताठ झालो. पहिला अर्थ अर्थातच कढई, तीही कान असलेली, म्हणजे अगदी तुमच्यासारखी (तुमच्या कढईसारखी). पण पुढे कासवाची पाठ, विहीर, मातीचा ढिगारा, धान्य पाखडायचं सूप, नुकती शिंगं फुटू लागलेली म्हैस, आणि नरक! एका शब्दाच्या पोटात एवढा संसार. म्हैस कुठून आली याचा मी पुष्कळ विचार केला. मला वाटतं ते दोन कान आणि ती दोन कोवळी शिंगं यांच्यामुळे असावं, पण हे माझं मत, कोशाचं नाही. नरकाचा उलगडा मात्र एकदम झाला. तिथे माणसांना कशात तळतात हे सगळ्यांना माहीत आहे.

मी धावत घरी आलो आणि आक्काला सगळं सांगितलं. तिने सुरी खाली ठेवली. “म्हणजे मी आई केली होती,” ती म्हणाली, “आणि तू तिची म्हैस केलीस.” त्यानंतर दोन दिवस ती माझ्याशी हिच्यामार्फत बोलत होती. ही तर एवढंच म्हणाली, “माझी सगळी भिस्त त्या पाच टेबलांवर आहे. दारावर नरक लिहिलात तर मी तुम्हाला आत बसवून बाहेरून कुलूप लावीन.” ती हसत म्हणाली, पण रोज रात्री अंथरुणावर पडल्यावर ती तेच विचारायची, लोक येतील ना? मी येतील म्हणायचो. मला काय माहीत होतं? माझ्याच दुकानात कोण येत होतं?

तेव्हा मी शहाण्यासारखं वागायचं ठरवलं. एका कागदावर सगळ्यात वर स्वच्छ अक्षरात लिहिलं, ‘जुना शब्द, ताजं जेवण’. ओळ वाईट नव्हती. त्याच्याखाली कागद कोरा राहिला होता, म्हणून निव्वळ स्वतःच्या समाधानासाठी मी सगळं मूळ आणि सगळे अर्थ उतरून काढले. रंगारी आला तेव्हा एक आजोबा डोळ्यांत औषध घालून माझ्या खुर्चीत मान मागे टाकून बसले होते. मी कागद रंगाऱ्याच्या हातात दिला आणि म्हटलं, वरचं तेवढं रंगवा. त्याच्या भुवया हलल्या. मी समजलो, हो म्हणाला.

उद्घाटनाच्या सकाळी पाटीवरचं फडकं हिने स्वतःच्या हाताने ओढलं. आई, त्या पाटीवर सगळं होतं! सगळ्यात वर हातभर उंचीचं ‘कढई’. त्याखाली जरा लहान अक्षरात ‘जुना शब्द, ताजं जेवण’. मग त्याहून लहान, ‘मूळ शब्द कटाह’. मग कासवाची पाठ. मग विहीर, ढिगारा, सूप, आणखी बारीक, आणखी बारीक. मग शिंगांसकट म्हैस, आणि अगदी तळाला मुंगीएवढ्या अक्षरांत ‘नरक’. मी रंगाऱ्याला शोधू लागलो, तो पैसे घेऊन कधीच गेला होता. आक्काने कपाळावर हात मारला. ही फडक्याची घडी करत उभी राहिली. मला वाटलं, धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं (त्यालाही कटाह म्हणत असतील).

इतक्यात समोरचा बेकरीवाला पिठाने माखलेल्या हातांनी बाहेर आला आणि रस्त्यापलीकडून मोठ्याने वाचू लागला. कासवापर्यंत धडाधड वाचलं. विहिरीला अडखळला. डोळे बारीक केले, मान पुढे काढली, आणि ओरडला, “शेवटी काय लिहिलंय?” त्याच्या मागे पाव घ्यायला उभी असलेली एक शिक्षिका म्हणाली, “म्हैस दिसतेय, त्याच्याखालचं नाही दिसत.” एक टपालवाला सायकल थांबवून म्हणाला, “नरक आहे, मला दिसतो!” त्याला कोणी मानेना. पैज लागली. बघता बघता पलीकडच्या फुटपाथवर एवढी गर्दी जमली, एकेक डोळा झाकून लोक आमची पाटी वाचू लागले. तेव्हा माझ्या डोक्यात प्रकाश पडला: त्या रंगाऱ्याने नकळत माझ्या दुकानातल्या भिंतीवरच्या, डोळे तपासायच्या तक्त्यासारखी पाटी रंगवली होती! ज्यांना नरक दिसला नाही ते काळजीत पडून डावीकडे माझ्याकडे आले (पहिला बेकरीवाला, दूरचं तर नाहीच, त्याला जवळचंही दिसत नव्हतं, इतके दिवस तो पाव वासावरून भाजत होता). ज्यांना दिसला ते, खानावळीला नरक का म्हणतात हे विचारायला उजवीकडे हिच्याकडे गेले. कढईतून वास येत होताच. विचारायला गेलेली माणसं बसली, बसलेली जेवली. दुपारपर्यंत पाचव्या टेबलावरचा माणूस बाहेर पडू शकला नाही, म्हणून त्याने दुसऱ्यांदा जेवून घेतलं.

आता हिच्याकडे रोज गर्दी असते. फिक्या भाजीला गिऱ्हाइकांनी कासव नाव ठेवलं आहे, मध्यम तिखट ती म्हैस, आणि डोळ्यांतून पाणी काढणारा रस्सा तो नरक. साडूभाऊ आले तेव्हा आक्का आतून ओरडत होती, “दोन नरक, एक म्हैस, आणि कढई रिकामी झाली!” त्यांनी ऐकलं ते एवढंच. आक्का माझ्याशी आता थेट बोलते. कोणी शब्दाचा अर्थ विचारला तर मात्र ती अजूनही कढ आणि आईच सांगते, आणि लोकांना तोच पटतो.

हिने मला काय शिक्षा केली म्हणाल, तर उद्घाटनाच्याच संध्याकाळी शेवटचं गिऱ्हाईक गेल्यावर हिने तुमची कढई माझ्यापुढे ठेवली, वर तारेची घासणी ठेवली आणि म्हणाली, “शब्दाचं मूळ शोधलंत ना? आता हिचा तळ शोधा.” तेव्हापासून रोज संध्याकाळी मी तो शोधतो. माझी तक्रार नाही. उलट तुमच्या कढईची सेवा माझ्या हातून घडते याचं समाधानच आहे. खुलासा संपला. राग नसावा, गुडघा जपावा. मोठ्यांना नमस्कार, मांजरीला आणि तिच्या पिल्लांना दुरूनच आशीर्वाद.

तुमचा,
धाकटा जावई

ता. क. साडूभाऊ पुन्हा आले तर हे पत्र त्यांना वाचायला द्यावं. त्यांना बारीक अक्षर दिसतं का, तेही त्यानिमित्ताने पाहावं.

आणखी ता. क. तक्रार नाही असं वर लिहिलं आहे, आणि ते खरंच आहे. फक्त एवढंच, की तुमचा शब्द ही मोडत नाही. तेव्हा तुम्ही तिला आपणहून, जणू सहज सुचल्यासारखं, एक ओळ लिहिलीत की ‘जावयाला रोज कढई घासायला लावू नये’, तर फार उपकार होतील. तेलकट बोटांतून काच निसटते. काल बेकरीवाल्याची नवी काच पायावर पडली. (काच शाबूत आहे.) मी सांगितलं असं मात्र लिहू नये.

आई, पाकीट चिकटवायचं काम माझ्याकडे आलंय, म्हणून दोन ओळी मीही लिहिते. ह्यांनी लिहिलंय ते त्यांच्यापुरतं सगळं खरं आहे. पण रंगारी आदल्या दुपारी तो कागद घेऊन माझ्याकडे आला होता, एवढं सगळं रंगवायचं का विचारायला. मी वाचलं आणि आधी डोक्याला हात लावला. मग शेजारी पाहिलं, तर हे एकटेच बसून सकाळी पुसलेली फ्रेम पुन्हा पुसत होते. कितीतरी महिने असंच चाललं होतं. रोज संध्याकाळी मला सांगायचे, आज बरं झालं, निवांत वाचन झालं. मी रंगाऱ्याला म्हटलं, सगळं लिहा, आणि खाली खाली अक्षर बारीक करत न्या. आई, तू ह्यांना हे कळू देऊ नकोस. आपल्या चुकीने दोन दुकानं चालली, याचा ह्यांना मनापासून आनंद आहे.

आणि कढईबद्दल मला काही लिहू नकोस. घासता घासता हे रोज एका नव्या शब्दाची गोष्ट सांगतात, मी टेबलं पुसत ऐकते, आणि आक्काही तिथेच रेंगाळते, ऐकत नसल्यासारखं दाखवत. पुढच्या महिन्यात ये. येताना तुझा चष्मा घरीच ठेव. ह्यांनी विचारलं तर हरवला म्हणून सांग, आणि नवा ह्यांच्याकडूनच करून घे.