पट्टी मोकळी आहे

२ मार्च
आज रुजू झालो. विमानतळ म्हणजे एक धावपट्टी, एक मनोरा, पेट्रोलच्या टाक्या आणि सगळीकडे गवत. मनोऱ्यातल्या माझ्या खोलीला चहूबाजूंनी काचा आहेत. खुर्ची करकरते, पण ऊन छान येते. काम वायरलेसवर बोलण्याचे. विमान उतरण्याआधी जीपने पट्टीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत जायचे, खडे-खिळे वेचायचे आणि मगच वैमानिकाला ‘पट्टी मोकळी आहे’ असे कळवायचे. इथल्या जुन्या मेकॅनिकला सगळे पानाकाका म्हणतात. ते म्हणाले, एक खिळा टायरमध्ये घुसला तर अख्ख्या विमानाचे भंगार होते.

माझा धाकटा भाऊ इथे मालाचे विमान आणतो. त्यानेच माझ्यासाठी शब्द टाकला. राजधानीत आईला म्हणाला म्हणे, दादाला जन्मात कोणी बोलते केले नाही, आता त्याला बोलायचाच पगार मिळेल.

९ मार्च
धाकटा आला. उतरण्याआधी वायरलेसवर विचारतो, “दादा, झाडू मारलास का?” लहानपणी घर झाडायची पाळी माझी असे, आणि हा मुद्दाम चिखलाचे पाय घेऊन येई. मीही म्हणालो, पाय पुसून ये. पानाकाका पोट धरून हसले. आता दर खेपेला हेच चालणार.

२१ मार्च
सीमेवर लढाई सुरू झाली. लष्कराची तुकडी इथे आली आहे. मेजरांनी सगळ्यांना नीट समजावले. शत्रूला रस्त्याने यायचे तर वाटेत नद्या आहेत, पूल पाडलेले आहेत, आठवडे जातील. पण ही पट्टी हाती लागली तर विमानामागून विमान उतरेल, माणसे, तोफा, गाड्या घेऊन. राजधानी इथून तासाभरावर.

आजूबाजूला सगळीकडे बॉम्ब पडले, आमच्यावर एकही नाही. मला हायसे वाटले होते. मेजर म्हणाले, पट्टी त्यांना धडधाकट हवी आहे, म्हणून.

पट्टीवर ट्रक आडवे लावले. वायरलेसवर कोणालाही उत्तर द्यायचे नाही. मेजर माझ्याकडे बघून म्हणाले की तुम्हा भावांच्या गप्पा ज्याच्याकडे यंत्र आहे त्या प्रत्येकाने ऐकल्या आहेत, आणि आवाजाची नक्कल करणे आता अवघड राहिलेले नाही. मी मान खाली घातली.

२४ मार्च
संध्याकाळी धाकट्याचा आवाज आला. पेट्रोल संपत आले आहे, मागे जखमी माणसे आहेत. झाडूचेही विचारले. मेजर शेजारी उभे होते, त्यांनी मान हलवून नको म्हटले. मी गप्प राहिलो. त्याने पुन्हा विचारले. मग नुसते “दादा” म्हणाला.

टेकडीमागून धूर आला.

२७ मार्च
विमान आमचेच होते. धाकट्याला शेवटचा निरोप देऊन आलो. मेजर म्हणाले, हुकूम बरोबर होता. माझ्याकडे बघितले नाही.

आईने फोनवर विचारले, शेवटी तुझ्याशी बोलला का रे तो? मी सांगितले, यंत्र बंद होते. ती म्हणाली, बरे झाले, तुला ऐकावे लागले नाही.



३० मार्च
संध्याकाळी वायरलेसवर तोच आवाज. झाडू मारलास का. मेजर म्हणाले, शत्रू जुने रेकॉर्ड केलेले बोलणे वाजवतो आहे, लक्ष देऊ नका. मलाही पटले.

१ एप्रिल
मेजर खाली गेले होते तेव्हा पुन्हा आला. आज झाडू नाही. आईला यंत्र बंद होते असे का सांगितलेस, म्हणाला. हे तर फक्त मला आणि आईला—

पानाकाका म्हणाले, फोनही ऐकता येतात, बाबा. जरा झोप.

२ एप्रिल
थंडी वाजते म्हणतो. चिडत नाही माझ्यावर. चिडला असता तर बरे झाले असते.

३ एप्रिल, सकाळ
दाट धुके. फाटकाकडे गोळीबार, सगळी तुकडी तिकडे. तो वर घिरट्या घालतो आहे, विमानाचा आवाज येतो. किल्ल्या ट्रकमध्येच असतात. एकेक ट्रक गवतात नेला. पानाकाकांना वाटले मेजरांचा हुकूम, त्यांनी मला मदत केली. मग जीपने पट्टी बघितली. खडे वेचले. वर येऊन म्हणालो, “पट्टी मोकळी आहे. ये.”

थोड्या वेळाने
धुके विरळ झाले. उतरले ते त्याचे नाही. मागून दुसरे— पोटातून शिपाई, गाड्या. पानाकाका हात वर करून आडवे धावले. तिथेच पडले आहेत. मी मदतीला घेतले नसते तर—

गाड्या राजधानीच्या रस्त्याला लागल्या. आईचा फोन लागत नाही.

अजून उतरताहेत. पट्टी भरली. आणि वर घरघर तशीच. वायरलेसवर तो. रागावलेला नाही. “दादा, एवढी माणसं उतरवलीस, मला कुठे जागा ठेवलीस?”

मी सांगतो आहे, थांब. पेट्रोल किती आहे विचारले. म्हणतो, ते तर त्याच दिवशी—