सगुणा कोणी केली

मी, मेहजबीन महंमद मणेर, वय एकोणतीस, धंदा लेखन आणि शिकवण्या, राहणार इंदापूर, जिल्हा पुणे, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. मी शुद्धीवर आहे. माझ्यावर कोणाचे दडपण नाही.

सुरुवातीलाच एक चूक दुरुस्त करते. गेल्या वर्षी उन्हाळ्यात मी एक मृत्युपत्र केले होते. त्यात, आणि त्याआधी माझ्या ‘सगुणा लाखेवाली’ या ऐतिहासिक कादंबरीच्या मनोगतात, मी लिहिले होते की कादंबरीतल्या गोष्टी म्हणजे नीरा-भीमेच्या काठी पिढ्यान्‌पिढ्या सांगितल्या जाणाऱ्या लोककथा आहेत. हे खरे नाही. त्या सगळ्या माझ्या वडिलांची बहीण गौहर, म्हणजे आमची फुफी, हिने रचलेल्या आहेत. लिहिताना मला ते माहीत नव्हते. आधीचे मृत्युपत्र रद्द समजावे.

वकील इंद्रजित देवकाते हे वाचून म्हणाले, “एवढं सगळं नको. कोणाला काय द्यायचं तेवढंच लिहा.” मी म्हटले, कोणाला काय द्यायचे हे लिहिण्याआधी काय कोणाचे आहे ते लिहावे लागेल. ते म्हणाले, “बरं, लिहा. पण प्रत्येक पानावर सही करा.” मी करत आहे.

कलम १. हे आत्ताच का. लहानपणी मला सांधेताप आला आणि त्यात हृदयाची एक झडप खराब झाली. गुरुवार, २७ नोव्हेंबर २०२५ रोजी पुण्यात ती बदलायची आहे. धोका कमी आहे असे डॉक्टर म्हणतात. मी त्यांना तो किती, असे दोनदा विचारले. दोन्ही वेळा त्यांनी एकच उत्तर दिले, त्यामुळे ते खरे असावे. माझा धाकटा भाऊ मुजम्मिल म्हणतो, “आपा, डॉक्टर दुपारपर्यंत मोकळा होईल. तुझं मृत्युपत्र काय या साली उरकत नाही.”

कलम २. माझे काय आहे. घर आणि बांगड्यांचे दुकान अब्बांचे आहे, त्याबद्दल मला काही लिहिता येत नाही. माझ्या नावावर बँकेतली ठेव, पुस्तके, लॅपटॉप, लिहिण्याचे टेबल आणि कादंबरीचे हक्क एवढेच आहे. आमच्या कायद्याप्रमाणे मृत्युपत्राने तिसऱ्या हिश्श्यापेक्षा जास्त देता येत नाही. बाकीचे वारसांचे, म्हणजे अब्बांचे आणि अम्मीचे. ठेव जशीच्या तशी त्यांच्याकडे जावी. लॅपटॉप मुजम्मिलला द्यावा. त्यातले निम्मे खेळ त्यानेच भरलेले आहेत. पुस्तके गावातल्या वाचनालयाला द्यावीत, पण ज्यांच्या समासात मी पेन्सिलीने लिहिले आहे ती खोडून द्यावीत. खोडायला माणूस मिळाला नाही तर देऊ नयेत.

कादंबरीचे सर्व हक्क आणि उत्पन्न गौहर फुफीला मिळावे. ती माझी वारस नाही, म्हणून तिला असे देता येते. वकिलांच्या मते हे तिसऱ्या हिश्श्यात बसते. न बसल्यास अब्बा आणि अम्मी यांनी संमती द्यावी. ते आजच देतो म्हणाले, पण ही संमती मृत्यूनंतर द्यावी लागते असे मी वाचले आहे. म्हणून ही फक्त विनंती समजावी.

कलम ३. फुफीविषयी. सातवीपर्यंत माझी शाळा घरातच झाली, कारण डॉक्टरांनी जिने चढायला मनाई केली होती. हिशेब अब्बांनी गल्ल्यावर शिकवला. वाचन अम्मीने शिकवले. फुफी बांगड्या भरायला गावोगाव जायची. बरे वाटत असेल त्या दिवशी ती मलाही एसटीत घालून न्यायची. सांगवी, वडगाव निंबाळकर, नरसिंहपूर ही गावे मी नकाशाआधी अशी पाहिली. ज्या घरी बांगड्या भरायच्या तिथे बायका ओळीने बसायच्या आणि फुफी एकेकीचा हात हातात घेऊन, बांगडी सहज चढावी म्हणून, चुरायची. चुरता चुरता ती सगुणेची गोष्ट सांगायची.

सगुणा पेशवाईतली. लाखेच्या बांगड्या करायची. नवरा लष्करात गेला आणि परत आला नाही, म्हणून लाख आणि शेगडी डोक्यावर घेऊन ती लष्करामागे निघाली. छावणीत बांगड्या विकायची, तिथल्या शिपायांचे निरोप परत येऊन त्यांच्या बायकांना सांगायची. निरोप लिहिलेला नसायचा. तो बांगडीवरच्या नक्षीत असायचा.

फुफीची सांगण्याची एक पद्धत होती. बांगडी अंगठ्याच्या बुडाशी अडते आणि तिथेच दुखते. म्हणून गोष्टीत काही घडायचे ते नेमके तिथे घडायचे. छावणीला आग लागायची, ओळखीचा घोडा रिकामा परत यायचा. बाई “आगं बया!” म्हणायची तोवर बांगडी मनगटावर. डझन भरले की गोष्ट संपायची, मग ती कुठेही असो. माझ्या कादंबरीतली प्रकरणे अशीच अचानक थांबतात. एका परीक्षणात त्याला आधुनिक शैली म्हटले आहे. ती फुफीच्या हाताची सवय आहे.

कलम ४. चूक कशी कळली. दुसऱ्या आवृत्तीसाठी प्रकाशकांनी या लोककथांवर टिपण मागितले. मी गेल्या हिवाळ्यात तिन्ही गावांत फिरले. सांगवीत सौ. द्वारकाबाई सावळाराम तावरे यांनी मला त्यांच्या घरातली एक देवळी दाखवली. सगुणेला पावसात आसरा त्यांच्या घरच्या, त्या काळच्या एका सासूने दिला आणि सगुणेने त्या देवळीत लाख वितळवली, असे त्या म्हणाल्या. तिथे त्या दर शुक्रवारी दिवा लावतात. त्यांच्या नातीचे नाव सगुणा आहे. वडगाव निंबाळकरात एका घरी सगुणा ज्यावर दळायची ते जाते दाखवले. आसरा त्यांच्या घराने दिला होता. नरसिंहपुरात घाटाजवळच्या घरीही तेच. मी याला ‘लोकपरंपरेतील पाठभेद’ असे नाव देऊन सात पाने लिहिली आणि फुफीला वाचून दाखवली.

ती इतकी हसली की तिला तोंडातले पान टाकावे लागले.

“अगं, ज्या घरी बसले त्या घरानं आसरा दिला! दुसऱ्याच्या घराची गोष्ट आपला हात दुखवून कोण ऐकंल?”

“पण तू तर म्हणायचीस, तुझ्या सासूनं सांगितली.”

“मी केली म्हटलं असतं तर बाया म्हणाल्या असत्या, गप बस आणि बांगडी भर. सासूनं सांगितली म्हटलं की गुमान ऐकत्यात. माझ्या सासूला तर धड बोलाय बी यायचं न्हाय. सदा दात दुखायचे तिचे.”

“सगळीच तू केलीस?”

“मंग काय सासू करती?”

ती या गोष्टीवर खूश होती, हे नोंदवते. ती विनयशील बाई नाही. त्या संध्याकाळी तिने मला अम्मीसमोर तीनदा विचारले की परीक्षणात शैलीबद्दल नक्की काय लिहिले आहे.

कलम ५. कादंबरीत माझे काय आणि तिचे काय. हे मी पान पान पाहून ठरवले आहे. लष्कराचे मार्ग, नाणी, कापडांची नावे, दुष्काळाचे साल, कारकुनांची भाषा हे माझे. ते मी ग्रंथालयांतून जमवले. सगुणा, तिचा नवरा, रिकामा घोडा, नक्षीतले निरोप हे तिचे. वाचक मला पत्रात जे आवडले म्हणून कळवतात ते जवळपास सगळे तिचे आहे. वाचकांनी दाखवलेल्या चुका माझ्या आहेत.

एक जागा ठरवता येत नव्हती. सगुणा प्रत्येक बांगडीवर, लाख गरम असताना, आपल्या करंगळीचे नख उमटवते. बांगडी कुठेही विकली गेली तरी ती कोणाची ते कळावे म्हणून. मला वाटत होते हे मला लिहिता लिहिता सुचले. मी फुफीला विचारले.

ती म्हणाली, “माझंच हाय ते. मी काय करती? बांगड्या फिरोजाबादवरनं खोक्यात येत्यात. मी नुसती हातात चढवती. जन्मभर दुसऱ्यानं केलेली काच विकली. म्हणून म्हटलं, हिला तरी नख देऊ.”

मी ते तिच्या बाजूला लिहिले.

कलम ६. नाव. दुसऱ्या आवृत्तीच्या पहिल्या पानावर ‘रचना : गौहर मणेर, लेखन : मेहजबीन मणेर’ असे छापावे, ही माझी इच्छा आहे. फुफीची तशी इच्छा नव्हती. हसणे वेगळे आणि छापणे वेगळे, असे तिचे म्हणणे.

“पुस्तकात नाव आलं की द्वारकाबाईला कळणार. तिच्या नातीनं वाचून दाखवलं तर? जिच्या वसरीवर मी उभा जन्म बसले, तिला मी खोटा दिवा लावाय लावला म्हणंल ती. उद्या कोण हात देईल मला?”

मी म्हटले, मग माझ्यामागे ती गोष्ट कोणाचीच राहणार नाही.

“तू कुठं चाललीस?” ती म्हणाली. “झडप बदलाय चाललीस. दाराची कडी बदलावी तशी.”

 नंतर मी पुढीलप्रमाणे ठरवले. ‘लोककथा’ हा शब्द मनोगतातून कोणत्याही परिस्थितीत काढावा, कारण तो खोटा आहे. फुफीने संमती दिली नाही तर तिचे नाव छापू नये, कारण नाव तिचे आहे. अशा वेळी ‘रचना’ या शब्दापुढची जागा कोरी छापावी. त्या जागी माझे नाव, ‘अज्ञात’ किंवा ‘पारंपरिक’ असे काहीही घालू नये. प्रकाशकांनी छपाईची चूक समजून ती भरू नये.

मी हे तिला वाचून दाखवले. कोरी जागा तिला अजिबात आवडली नाही. “हे तर लईच वाईट दिसतंय,” म्हणाली. “लोक म्हणतील, कोण एवढी लाजती!” दुसऱ्या दिवशी सकाळी ती नमाज झाल्यावर माझ्या खोलीत आली आणि म्हणाली, “द्वारकाबाईला माझी मी सांगती. तिला पटलं तर घाल नाव. न्हाय पटलं तर ठेव तुझी कोरी जागा. तू मधी बोलू नगंस.”

मी कबूल केले.

कलम ७. बारामतीच्या सत्कारात ज्या गृहस्थांनी माझे मराठी इतके शुद्ध कसे असे मला आणि नंतर वेगळे गाठून अब्बांनाही विचारले, त्यांना मी माफ केलेले नाही. त्यांच्याविषयी काही तरतूदही करत नाही. अब्बांनी त्यांना “दुकानात येत जा, तिथं सगळं शुद्धच मिळतं” असे उत्तर दिले, ते पुरेसे आहे.

कलम ८. सगुणा हे नाव मिळालेल्या मुलीविषयी. द्वारकाबाईंच्या नातीने मला पत्र लिहिले होते की आपण खऱ्या बाईच्या नावाच्या आहोत याचा तिला अभिमान वाटतो. मी अजून उत्तर दिलेले नाही. काय लिहावे ते मला कळत नाही. तिचे लग्न रविवारी, २३ नोव्हेंबरला आहे आणि तिच्या हिरव्या बांगड्या दोन दिवस आधी फुफी भरणार आहे. कादंबरीचे माझे हस्तलिखित, ज्याच्या समासात फुफीच्या गोष्टींवर लाल खुणा केल्या आहेत, ते तिला द्यावे. तिला नको असेल तर आग्रह करू नये.

कलम ९. साक्षी. आमच्या कायद्यात साक्षीदारांच्या सह्या नसल्या तरी मृत्युपत्र चालते, असे वकील म्हणाले. मला चालणार नाही. ज्यांना या लेखाने काही मिळते त्यांना साक्षीदार केलेले नाही, म्हणून फुफी आणि मुजम्मिल यांची सही नाही. पहिली सही वकिलांची आणि दुसरी द्वारकाबाईंची असावी, असे मी ठरवले आहे. त्यांच्या घराविषयी यात खुलासा आहे. त्यांनी तो ऐकून सही केली तर नंतर कोणी म्हणणार नाही की हे त्यांच्या पाठीमागे लिहिले. वकील म्हणाले, साक्षीदाराला मजकूर माहीत असण्याची गरज नसते, आजच जाऊन सही घेऊन या, म्हाताऱ्या बाई विचारणार नाहीत. त्या विचारणार नाहीत, हे खरे आहे. म्हणूनच आज गेले नाही.

नातीच्या बांगड्या भरायच्या त्या दिवशी सगळ्यांत आधी द्वारकाबाईंचा हात फुफी हातात घेईल. बाकीच्या बायका जमायच्या आधी. मी शेजारी बसेन. बांगडी अडेल तिथे ती काय सांगणार आहे, हे तिने मलाही सांगितलेले नाही. हात ओढून घेतला तर काय करशील, असे मी विचारले. ती म्हणाली, “थांबीन. हातच तिचा हाय.”

ठिकाण : इंदापूर

लिहिणार : मेहजबीन महंमद मणेर (सही दोन्ही साक्षीदारांसमोर करेन)

साक्षीदार १ : इंद्रजित देवकाते, वकील, इंदापूर (सांगवीला येण्याचे कबूल केले आहे. गाडी मुजम्मिल चालवील.)

साक्षीदार २ : सौ. द्वारकाबाई सावळाराम तावरे, सांगवी, तालुका बारामती. ही जागा आज मोकळी आहे. त्यांनी सही नाकारली तर ती तशीच मोकळी राहील आणि मी फक्त वकिलांच्या साक्षीने सही करेन.

सह्यांचा दिवस : शुक्रवार, २१ नोव्हेंबर २०२५.