ओसरीवरचं फ्रेंच मरण

७ जानेवारी २००९, सौंदड
राजदीप आला होता. माझा जुना विद्यार्थी, आता पुण्यात सिनेमा शिकतो. एका फ्रेंच कवयित्रीवर छोटी फिल्म करतोय — गोष्ट नाही, संवाद नाहीत. फक्त तिचं मरण आणि मागे उरलेल्या ओळी. मेली तेव्हा कोणी आलं नाही; आता थडग्यावर फुलांचा खच असतो, म्हणे.
"मॅडम, कवयित्री तुम्हीच!"
कॉन्व्हेंटातल्या सिस्टरनं शिकवलेलं फ्रेंच असं कामाला येईल, वाटलं नव्हतं.

९ जानेवारी
ओळी मोठ्यानं म्हणत होते. शेजारच्या जमुनाबाईनं कुंपणावरून विचारलं, "कोण पाहुणा आला जी, मास्तरीणबाई?"
कोण येणार? हे गेल्यापासून कोणी नाही. धाकटा भाऊ यादोराव देवरीला — बसनं जेमतेम तासभर! बाबांनी मला नागपूरच्या कॉन्व्हेंटात घातलं, त्याला शाळेतून काढून भाताच्या बांध्यांत. बाबा गेले त्या दिवशी म्हणाला, "तू मेमसाब, मी गडी. तुह्या दारात पाय ठेवत नाही." सात वर्षं झाली. थोरली बहीण म्हणून मला 'बाई' म्हणायचा.

१४ जानेवारी
शूटिंग! रस्त्याकडच्या ओसरीवर खाट, पांढरी चादर, झेंडू. मी मेलेली. बसमधले लोक वाकून बघत होते. राजदीप म्हणे, "श्वास दिसतोय, मॅडम." जमुनाबाई पदरात तोंड लपवून — "बराबर मरा ना जी!"

१५ जानेवारी
आज पुन्हा डोळे मिटून पडले होते. फाटक वाजलं. कोणी धावत येऊन पायांशी कोसळलं.
"बाई! मले सांगाचं तरी होतं वो!"
यादोराव! बसमधल्या कोणीतरी देवरीला सांगितलं होतं — सौंदडची मास्तरीण गेली. हातात नवं लुगडं, आकाशी, बारीक काठाचं. बाईमाणसाचं शेवटचं लुगडं माहेरचं असतं, भाऊच आणतो.
मी उठून बसले.
आधी घाबरला. मग कॅमेरा दिसला. "नाटक करून राहिली? मले रडवाले?" लुगडं खाटेवर फेकून निघाला. मी अनवाणी धावले. थांबला नाही.

१६ जानेवारी
कॅमेरा सुरूच होता. राजदीप म्हणतो, "अख्खी फिल्म या एका शॉटमध्ये आहे!" मला दाखवला. ते 'बाई' पुन्हा पुन्हा ऐकलं. मग म्हटलं, काढून टाक. हे रडणं त्या कवयित्रीचं नाही. माझं आहे.

१८ जानेवारी
लुगडं पेटीत ठेवलं. परत काढलं. मेल्यावर नेसवणार — मग मी बघणार कधी?

१९ जानेवारी
तेच नेसून देवरीची बस धरली. यादोराव दारात उभा. आधी लुगडं बघितलं, मग मला.
"बरं दिसून राहिलं तुह्या अंगावर," म्हणाला.